जड पाणी, ग्रॅफाइट आणि चार ग्रॅम बोरॉन: जर्मनीची अणुभट्टी का पेटली नाही

प्रश्न असा आहे: नॉर्वेतला जड पाण्याचा कारखाना उडवला नसता, तर दुसऱ्या महायुद्धात जर्मनीने अमेरिकेआधी अणुबॉम्ब बनवला असता का? थोडक्यात उत्तर: नाही. वेमोर्कच्या त्या कारखान्यावरच्या हल्ल्याने जर्मनांचे महिने वाया गेले हे खरं, पण शर्यतीचा निकाल त्याआधीच दोन ठिकाणी लागला होता. एक, ग्रॅफाइट सोडून देण्याचा निर्णय. दुसरं, १९४२च्या पहिल्या सहामाहीत अख्ख्या कामाला दिलेलं दुय्यम स्थान. हे नीट कळायला आधी भट्टीचा हिशोब समजून घ्यावा लागतो, कारण दोन्ही बाजूंचे शास्त्रज्ञ त्याच हिशोबाशी झगडत होते.

डिसेंबर १९३८मध्ये बर्लिनला ओटो हान आणि फ्रिट्झ स्ट्रासमान यांना न्यूट्रॉनचा मारा केलेल्या युरेनियममध्ये बेरियम सापडलं. लिझे माइटनर आणि ओटो फ्रिश यांनी त्याचा अर्थ लावला की अणुकेंद्रक दुभंगतंय. १९३९च्या वसंतात पॅरिसच्या जोलिओ, हाल्बान आणि कोवार्स्की यांनी दाखवलं की प्रत्येक विखंडनातून दोनपेक्षा जास्त नवे न्यूट्रॉन सुटतात. तिथून पुढे साखळी अभिक्रियेची कल्पना कुठल्याही चांगल्या भौतिकशास्त्रज्ञाला सुचण्यासारखी होती. एप्रिल १९३९मध्ये हाम्बुर्गच्या पाउल हार्टेकने जर्मन युद्ध खात्याला पत्र लिहून तसं कळवलंही. म्हणजे ‘गुपित’ असं काही नव्हतं. अडचण सामग्रीची होती.

नैसर्गिक युरेनियमात विखंडनाला तयार असलेला प्रकार, यू-२३५, फक्त ०.७ टक्के असतो, बाकी सगळा यू-२३८. अशा युरेनियमात मंद न्यूट्रॉन शोषला गेला की सरासरी १.३च्या आसपास नवे न्यूट्रॉन मिळतात. साखळी चालू राहायला त्यातला एक हवाच. उरलेल्या ०.३मध्ये सगळा खर्च बसवायचा: वाटेत यू-२३८ गिळतो ते, मंदक म्हणजे न्यूट्रॉनचा वेग कमी करणारा पदार्थ गिळतो ते, धातूतली अशुद्धी गिळते ते, आणि भट्टीच्या पृष्ठभागातून बाहेर निसटतात ते. साध्या पाण्यातला हायड्रोजन वेग उत्तम कमी करतो, पण स्वतःच इतके न्यूट्रॉन खातो की नैसर्गिक युरेनियमची भट्टी त्यावर चालत नाही. व्यवहारात दोनच पर्याय उरतात: जड पाणी, म्हणजे साध्या हायड्रोजनऐवजी त्याचा जड प्रकार ड्यूटेरियम असलेलं पाणी, किंवा अतिशुद्ध कार्बन, म्हणजे ग्रॅफाइट.

आता बोरॉनचा आकडा पाहा, कारण सगळी गोष्ट त्यावर फिरते. अणू न्यूट्रॉन गिळण्याची शक्यता ‘शोषण-छेदा’ने सांगतात, त्याचं एकक बार्न. मंद न्यूट्रॉनसाठी कार्बनच्या अणूचा शोषण-छेद साधारण ३.५ मिलिबार्न (बार्नचा हजारावा भाग) आहे. बोरॉनचा ७६० बार्नच्या आसपास. म्हणजे एक बोरॉन अणू दोन लाखांहून जास्त कार्बन अणूंइतके न्यूट्रॉन खातो. वजनात मांडलं तर एक टन ग्रॅफाइटमध्ये साधारण चार ग्रॅम बोरॉन असलं तरी त्या ग्रॅफाइटचं शोषण दुप्पट होतं. नेहमीचं औद्योगिक ग्रॅफाइट पेट्रोलियम कोक आणि डांबराच्या मिश्रणातून विजेच्या भट्टीत बनतं. विद्युतभट्ट्यांचे इलेक्ट्रोड बनवणाऱ्याला चार ग्रॅम बोरॉनशी काहीच देणंघेणं नसतं. त्याच्या विक्रीपत्रकात ‘शुद्ध’ असं लिहिलेलं असतं आणि त्याच्या कामापुरतं ते खरंही असतं.

जानेवारी १९४१मध्ये हायडेलबर्गला वाल्टर बोटे यांनी सीमेन्सच्या विद्युतग्रॅफाइटवर मोजमाप घेतलं. शोषण इतकं जास्त दिसलं की त्यावर भट्टी चालणं अशक्य ठरलं. बोटे हा त्या काळातला अव्वल प्रयोगकर्ता, त्यामुळे त्याच्या आकड्यावर फारसा कुणी वाद घातला नाही. मोजमाप हातातल्या नमुन्यापुरतं होतं. चूक अनुमानात होती: दिसलेलं शोषण कार्बनचं की त्यात लपलेल्या कशाचं, हा प्रश्न पुरता सुटला नव्हता. ग्रॅफाइटच्या ठोकळ्यांच्या फटीत अडकलेल्या हवेतला नायट्रोजनही थोडे न्यूट्रॉन खातो, हेही एक संभाव्य कारण नंतर पुढे आलं.

‘बोटेच्या चुकीमुळे जर्मनी हरला’ हे वाक्य मात्र अर्धवट आहे. त्याच वर्षी विल्हेल्म हानलेने बोरॉन आणि कॅडमियमचे सूक्ष्म अंश कसा घोळ करतात ते दाखवून दिलं आणि कार्बन त्यांपासून मुक्त कसा करायचा तेही सांगितलं. लष्कराच्या शस्त्रास्त्र विभागाने हिशोब केला: असं ग्रॅफाइट हव्या त्या प्रमाणात बनवणं महाग पडेल आणि नॉर्वेतला जड पाण्याचा कारखाना तर आधीच ताब्यात आहे. म्हणून त्यांनी जड पाणी निवडलं. त्या घडीला हा निर्णय वेडगळ नव्हता. मोजक्या पैशांत, युद्ध लवकर संपेल या समजुतीवर घेतलेला तो निर्णय होता, आणि तिथेच त्यांची एक वाट बंद झाली.

न्यूयॉर्कला कोलंबिया विद्यापीठात हाच प्रश्न लिओ झिलार्ड आणि एन्रिको फर्मी यांच्यासमोर होता. झिलार्डला रसायन उद्योगाची जाण होती. ग्रॅफाइटवाल्यांशी बोलताना त्याने थेट बोरॉनबद्दल विचारलं आणि पुढच्या मालासाठी बोरॉनची अट घातली. १९४०मध्ये त्यांना कार्बनचं शोषण पुरेसं कमी असल्याचं कळलं, आणि झिलार्डने हट्ट धरून तो आकडा छापू दिला नाही. फर्मीला ही गुप्तता पटत नव्हती, तरी त्याने ऐकलं. तो आकडा छापून आला असता, तर हायडेलबर्गला आपला नमुना पुन्हा तपासून पाहायची बुद्धी झाली असती. माझ्या मते जड पाण्यावरच्या कुठल्याही हल्ल्यापेक्षा हा न छापलेला आकडा जास्त परिणामकारक ठरला.

तरी अमेरिकनांचंही लगेच जमलं नाही. सप्टेंबर १९४१मध्ये फर्मीच्या पहिल्या मोठ्या रचनेत गुणक, म्हणजे एका न्यूट्रॉनमागे पुढच्या पिढीत किती न्यूट्रॉन येतात तो आकडा, ०.८७ निघाला. साखळी टिकायला तो १च्या वर हवा. मग चौदा-पंधरा महिने दोन बाजूंनी शुद्धीकरण चाललं. नॅशनल कार्बन कंपनीने कमी बोरॉनचा कोक निवडला आणि जास्त काळ, जास्त तापमानाला भाजून अशुद्धी उडवून लावली. सुरुवातीच्या मालाचं शोषण साडेसहा मिलिबार्नच्या आसपास होतं, ते नव्या एजीओटी ग्रॅफाइटमध्ये पाचच्या किंचित खाली आलं. युरेनियमच्या बाजूने सेंट लुइसच्या मॅलिनक्रॉट कंपनीने ईथर वापरून ऑक्साइड टनावारी शुद्ध केलं, आणि आयोवात एम्सला फ्रँक स्पेडिंगच्या गटाने धातू ओतायला घेतला.

फर्मीची शिकागोची भट्टी याच मालातून उभी राहिली. स्टॅग फील्ड मैदानाच्या प्रेक्षागाराखालच्या बंदिस्त कोर्टात सुमारे ४५,००० ग्रॅफाइटचे ठोकळे, एकूण साधारण ३५० टन, त्यात सुमारे ५ टन युरेनियम धातू आणि ४० टनांहून जास्त ऑक्साइड. ठोकळे सुतारकामाच्या यंत्रांवर रंधले जात. एक चतुर्थांश ठोकळ्यांना सव्वातीन इंच व्यासाची भोकं पाडायची होती, आणि ग्रॅफाइट पाती इतकी झिजवतं की तासाभरात पुन्हा धार लावावी लागे. काळ्या भुकटीने फरशी बुळबुळीत होई. चांगला माल मधोमध, कमी प्रतीचा कडेला, अशी मांडणी होती, कारण मधला न्यूट्रॉन सगळ्यात मोलाचा. नायट्रोजनचा धोका टाळायला सगळ्या भट्टीभोवती गुडइयरकडून चौकोनी बलूनचं कापड शिवून घेतलं होतं. माल अपेक्षेपेक्षा सरस निघाल्याने ते बंद करायची वेळ आली नाही. दर थरानंतर न्यूट्रॉन मोजत ५७ थर रचले आणि २ डिसेंबर १९४२ला दुपारी साडेतीनच्या सुमाराला साखळी स्वतःच्या बळावर चालली. गुणक १.०००६, शक्ती अर्धा वॅट. इतक्या बारीक फरकासाठी तो सगळा खटाटोप होता.

आता जड पाण्याकडे. साध्या पाण्यातल्या साधारण ६,४०० हायड्रोजन अणूंमागे एक ड्यूटेरियमचा असतो. सगळाच्या सगळा हाती लागला असं धरलं, तरी एक किलो जड पाण्यासाठी सुमारे सहा टन पाणी लागतं. आणि तेवढं पाणी विद्युतविश्लेषणाने फोडायला तीस हजार युनिटांहून जास्त वीज. प्रत्यक्षात बराच ड्यूटेरियम हायड्रोजनबरोबर निसटतो, म्हणून खर्च कितीतरी पट. निव्वळ जड पाण्यासाठी हे कुणी करणार नाही. र्‍युकानजवळ वेमोर्कला नॉर्स्क हायड्रो कंपनी धबधब्याच्या विजेवर खतासाठी हायड्रोजन बनवत होती. पाणी फोडताना हलका हायड्रोजन आधी निघतो आणि टाक्यांत उरलेल्या द्रावणात ड्यूटेरियमचं प्रमाण वाढत जातं. ते द्रावण टप्प्याटप्प्याने पुढच्या टाक्यांत नेत शेवटी तळघरातल्या अतिसंहत घटांमध्ये शुद्ध जड पाणी मिळायचं. लाइफ ट्रॉनस्टाड आणि योमार ब्रुन यांनी १९३४मध्ये ही जोडणी उभी केली. वीज आणि हायड्रोजनचा खर्च खताने आधीच उचललेला असायचा. आपल्याकडे अलिबागजवळ थळचा जड पाण्याचा प्रकल्प आरसीएफच्या खत कारखान्याला लागून आहे, त्यामागचं अर्थकारण हेच. तिथली पद्धत वेगळी, अमोनिया आणि हायड्रोजन यांच्यातल्या ड्यूटेरियमच्या देवाणघेवाणीची, पण हायड्रोजन खतासाठी मुळातच तयार होत असतो.

जड पाण्याचा मुद्दा शास्त्राच्या दृष्टीने भक्कम होता. ते ग्रॅफाइटपेक्षा सरस मंदक आहे आणि कमी युरेनियममध्ये भागतं. घोडं अडलं ते पुरवठ्यावर. भट्टीला सुमारे पाच टन लागेल असा जर्मनांचा अंदाज होता. मार्च १९४०मध्ये, जर्मन आक्रमणाच्या आधीच, फ्रेंच अधिकारी जाक अलिए यांनी तिथला सगळा साठा, १८५ किलो, पॅरिसला हलवला. पुढे तो हाल्बान आणि कोवार्स्कीसोबत इंग्लंडला पोहोचला. जर्मनांनी कारखाना ताब्यात घेऊन उत्पादन महिन्याला काही किलोंवरून शंभरावर नेलं, तरी सबंध युद्धात त्यांच्या हाती आलेलं जड पाणी अडीच टनांच्या आसपासच राहिलं.

हल्ल्यांचा हिशोब असा. नोव्हेंबर १९४२ची पहिली ब्रिटिश मोहीम पूर्ण फसली: दोन्ही ग्लायडर कोसळले आणि ४१ जण मेले, त्यांतले कित्येक पकडल्यावर ठार केले गेले. २७-२८ फेब्रुवारी १९४३च्या रात्री योआखिम रोन्नेबर्गच्या नॉर्वेजियन तुकडीने तळघरातले १८ अतिसंहत घट एकही गोळी न झाडता उडवले. सुमारे ५०० किलो जड पाणी गटारात गेलं. नेमकी जागा निवडल्यामुळे हे साधलं. मधल्या टप्प्यातल्या टाक्या फोडून तेवढा परिणाम झाला नसता, कारण सगळ्यात वेळखाऊ संहती शेवटच्या घटांत साठलेली असते. जर्मनांनी काही महिन्यांत घट पुन्हा बसवले. नोव्हेंबर १९४३मध्ये अमेरिकन विमानांनी शेकडो बॉम्ब टाकले. बहुतेक भलतीकडे पडले, नॉर्वेजियन नागरिक मेले आणि तळघर शाबूत राहिलं, पण विजेची आणि वरच्या यंत्रणेची हानी आणि पुन्हा हल्ल्याची धास्ती यांमुळे जर्मनांनी तिथलं काम गुंडाळलं. उरलेलं द्रावण पिंपांत भरून नेताना २० फेब्रुवारी १९४४ला टिन तलावात ‘हायड्रो’ ही फेरीबोट क्नूट हाउकेलिड आणि साथीदारांनी बुडवली. १८ जणांचा जीव गेला, त्यांत १४ नॉर्वेजियन. या लोकांनी केलं ते आज निकाल माहीत असताना व्यर्थ ठरवणं अन्यायाचं आहे. जर्मन काम किती रखडलंय हे लंडनला तेव्हा खात्रीने माहीत नव्हतं, आणि नसताना गप्प बसणं परवडणारं नव्हतं.

आता जर्मन प्रयोगशाळांत काय चाललं होतं? लाइपझिगला भौतिकशास्त्रज्ञ वेर्नर हायझेनबर्ग आणि रोबर्ट ड्योपेल यांनी युरेनियमची भुकटी आणि जड पाणी यांचे एकात एक गोलाकार थर रचले. १९४२च्या उन्हाळ्याच्या तोंडावर त्यांना बाहेर येणाऱ्या न्यूट्रॉनमध्ये १३ टक्के वाढ मोजता आली. त्या वेळेपर्यंत जगात कुठेही अशी खरी वाढ जाहीर झाली नव्हती. पण युरेनियमची बारीक भुकटी हवेत आपसूक पेट घेते, आणि पाण्याशी तिचा संबंध आला तर हायड्रोजन सुटतो. २३ जूनला नेमकं तेच झालं. गोळ्यात पाणी झिरपलं होतं, तपासायला झाकण उघडलं तशी हवा आत गेली, भुकटीने पेट घेतला, आणि संध्याकाळपर्यंत गोळा फुटून प्रयोगशाळेला आग लागली. जड पाणी आणि युरेनियम दोन्ही गेलं. हा अणुस्फोट नव्हता, रासायनिक अपघात होता. घन ओतीव धातू वापरला असता तर तो टळला असता.

दुसरी अडचण मांडणीची. वेगवान न्यूट्रॉन मंद होताना मधल्या ऊर्जांवर, विशेषतः ६.७ इलेक्ट्रॉनव्होल्टच्या आसपास, यू-२३८ त्यांना अधाशासारखा गिळतो. म्हणून युरेनियमचे गोळे किंवा ठोकळे मंदकात अंतराअंतरावर ठेवतात: न्यूट्रॉन युरेनियमपासून दूर, मंदकात हिंडत मंद होतो आणि तो धोक्याचा पट्टा ओलांडूनच पुन्हा युरेनियमला भेटतो. हायझेनबर्गचा बर्लिनचा गट मात्र सपाट पत्र्यांना चिकटून राहिला, कारण पत्र्यांचं गणित सोपं होतं. बर्लिनजवळ गोटोव्हला कुर्ट डिबनरच्या गटाने ठोकळे वापरले आणि १९४३मध्ये कितीतरी चांगले आकडे मिळवले. तरीही दोन्ही गट एकाच मोजक्या युरेनियमसाठी आणि जड पाण्यासाठी भांडत राहिले. खनिजाची टंचाई होती असं नाही. बेल्जियममध्ये काँगोच्या युरेनियमचा हजाराहून जास्त टनांचा साठा जर्मनांना मिळाला होता. त्याचा शुद्ध धातू ओतायला कारखाने, भट्ट्या आणि प्राधान्य लागतं, ते नव्हतं.

प्राधान्य का नव्हतं ते १९४२मध्ये ठरलं. वर्षाच्या सुरुवातीला लष्कराने काम संशोधन परिषदेकडे सोपवलं, कारण चालू युद्धात त्यातून शस्त्र मिळण्याची शक्यता दिसत नव्हती. ४ जूनला बर्लिनमध्ये शस्त्रास्त्रमंत्री आल्बेर्ट श्पेअरसमोर बैठक झाली. लढाईच्या मानाने किरकोळ रक्कम मागितली गेली आणि श्पेअरने मोठ्या प्रकल्पाचा विचार सोडला. ऑगस्टमध्ये पलीकडे अमेरिकेच्या अणुबॉम्बच्या कामाचं, म्हणजे मॅनहॅटन प्रकल्पाचं, कार्यालय उभं राहिलं, ज्याचा खर्च शेवटी सुमारे दोन अब्ज डॉलरवर गेला.

समजा जड पाणी पुरेसं मिळालं असतं आणि भट्टी पेटली असती, तरी पुढे प्लुटोनियमपर्यंत, म्हणजे भट्टीत यू-२३८पासून बनणाऱ्या आणि बॉम्बला चालणाऱ्या धातूपर्यंत, किती अंतर होतं ते अमेरिकेच्या हॅनफर्डच्या प्लुटोनियम कारखान्यावरून कळतं. कोलंबिया नदीकाठची बी भट्टी शिकागोनंतर २१ महिन्यांनी, सप्टेंबर १९४४मध्ये सुरू झाली. संकल्पित शक्ती अडीचशे मेगावॅट. शक्ती नऊ मेगावॅटपर्यंत चढवली आणि काही तासांत ती आपोआप उतरू लागली. नियंत्रण दांडे बाहेर ओढत गेले तरी संध्याकाळपर्यंत भट्टी पूर्ण विझली. पाणी गळतंय का, नायट्रोजन शिरलाय का, सगळं तपासलं. मग दुसऱ्या दिवशी ती पुन्हा जिवंत झाली आणि पुन्हा मेली. या येरझारांच्या वेळेवरून जॉन व्हीलरने गुन्हेगार ओळखला. विखंडनातून आयोडीन-१३५ बनतं, त्याचं अर्धायुष्य ६.६ तास. त्यापासून झेनॉन-१३५, अर्धायुष्य साधारण ९ तास, आणि त्याचा शोषण-छेद वीस लाख बार्नहून जास्त. शिकागोच्या भट्टीची शक्ती इतकी नगण्य होती की झेनॉन साचण्याचा प्रश्नच आला नव्हता.

हॅनफर्ड बांधणाऱ्या ड्यूपॉं कंपनीच्या अभियंत्यांनी आणि व्हीलरने आधीच हट्टाने जास्तीची जागा ठेवली होती म्हणून निभावलं. भौतिकशास्त्रज्ञांच्या हिशोबाने युरेनियम भरायच्या १,५०० नळ्या पुरणार होत्या. ग्रॅफाइटच्या चौकोनाच्या कोपऱ्यांत आणखी ५०४ नळ्यांची भोकं पाडून ठेवलेली होती. काहींना ती उधळपट्टी वाटली होती. त्या सगळ्या, एकूण २,००४ नळ्या युरेनियमने भरल्यावर भट्टी पूर्ण ताकदीने चालू शकली. प्लुटोनियमचा पहिला हप्ता फेब्रुवारी १९४५मध्ये बॉम्ब बनवणाऱ्या लॉस अलामॉसच्या प्रयोगशाळेला पोहोचला. वाटेत युरेनियमच्या कांड्या ॲल्युमिनियमच्या डब्यांत पाणी न शिरेल अशा बंद करण्याचं काम कित्येक महिने अडलं होतं, आणि किरणोत्सारी कांड्यांतून प्लुटोनियम वेगळं काढायला दूरनियंत्रणावर चालणाऱ्या काँक्रीटच्या प्रचंड इमारती बांधाव्या लागल्या.

त्याच सुमाराला, फेब्रुवारी-मार्च १९४५मध्ये, हायझेनबर्गचा गट दक्षिण जर्मनीत हायगरलोखला चर्चच्या खालच्या खडकातल्या तळघरात शेवटची भट्टी जुळवत होता. अखेर पत्रे सोडून ठोकळ्यांवर आले होते. ५ सेंटीमीटरचे ६६४ युरेनियमचे घन ॲल्युमिनियमच्या तारांनी माळांसारखे लटकवले होते, दीड टन युरेनियम, दीड टन जड पाणी, भोवती परावर्तक म्हणून ग्रॅफाइट. न्यूट्रॉन सुमारे ६.७ पट वाढले. साखळी टिकायला भट्टीचा आकार साधारण दीडपट हवा होता, आणि डिबनरच्या गटाकडचे चारशेच्या आसपास घन दुसरीकडे पडून होते. एप्रिलमध्ये जर्मन अणुकामाचा माग काढणारं अमेरिकन अल्सॉस पथक पोहोचलं, तेव्हा हायगरलोखचे घन शेतात पुरलेले सापडले. ती भट्टी पेटली असती तरी शिकागोच्या अर्ध्या वॅटच्या भट्टीशी तिची तुलना झाली असती, हॅनफर्डशी नव्हे: गरम झालेलं जड पाणी थंड करायची सोय नव्हती, प्लुटोनियम काढायचा कारखाना कागदावरही नव्हता, आणि तळघरात काम करणाऱ्यांना किरणांपासून वाचवायला नावापुरताच आडोसा होता.